तळ्याकाठच्या सात खोपी

हार्डवेअरच्या दुकानात एक डबा असतोच. कुठल्याच मापात न बसणारे बोल्ट, जोडीतली एकच उरलेली बिजागरी, कुणीतरी परत आणून दिलेली कडी, सगळं त्यात पडतं. तो डबा कुणी मुद्दाम भरत नाही, तो आपोआप भरत जातो. आणि एखाद्या दिवशी अडलेल्या गिऱ्हाइकाला जे पाहिजे ते नेमकं त्यातच सापडतं. किस्स्यांचं माझ्याकडं तसंच झालंय. आज त्या डब्यातला एकाच जागेचा माल तेवढा बाहेर काढतो.

जागा म्हणजे आमच्या खानापूरच्या पुढं, जंगल सुरू होतं तिथलं सरकारी उद्यान. फाटकातून आत गेलं की आधी झोपाळे, मग तळं, आणि तळ्याच्या पलीकडं झाडीत लाकडी केबिनी. शाळेच्या पोरांनी दोन-तीन दिवस राहावं, झाडं-पाखरं बघावीत, म्हणून बांधलेल्या. सरकारी कागदावर त्याचं नाव ‘निसर्ग शिबिर’. आमच्या तोंडात ‘खोपी’. एकूण सात.

मी कौलं आणि हार्डवेअर विकतो. शाळा सातवीपर्यंत. कन्नड शिकलो पावत्यांवरून आणि इंग्रजी सिमेंटच्या पोत्यांवरून. त्यामुळं माझ्या इंग्रजीत वजन आहे असं मीच म्हणत असतो. खोपींचा पहिला खिळा माझ्या दुकानातला, आणि तेव्हापासून मी त्या मंडळीतला.

*

तीसेक वर्षांपूर्वी एका वादळात उद्यानातली बरीच झाडं आडवी झाली. तेव्हाच्या रेंजरसाहेबांच्या डोक्यात आलं, लाकूड लिलावात घालवण्यापेक्षा इथंच पोरांसाठी केबिनी बांधू. काम दिलं परशराम मिस्त्रीला. लाकडातला देवमाणूस, पण उंची पाच फुटांना दोन बोटं कमी.

मिस्त्री दारासाठी टेप वापरायचा नाही. स्वतः उभा राहायचा. डोक्यावर चार बोटं जागा उरली की दार झालं. अशी सात दारं झाली.

उद्घाटनाला रेंजरसाहेब आले. सहा फुटांच्या वरचा गडी. फीत कापली, ऐटीत पाऊल टाकलं आणि कपाळ दाराच्या चौकटीवर असं आदळलं की टोपी मागं फोटोवाल्याच्या पायात. मिस्त्रीनं टोपी उचलली, झटकली आणि हातात दिली.

“दारं मोठी करून द्या,” साहेब कपाळ चोळत म्हणाले.

“करतो की,” मिस्त्री म्हणाला. “पर मोठ्या दारातनं थंडी बी आत येती आन अस्वल बी. तुमी जरा वाकला तर दोगं बी भाईर ऱ्हात्यात.”

दारं तेवढीच राहिली. तेव्हापासून आमदार असो की मामलेदार, खोपीत शिरताना प्रत्येकजण वाकतो. न वाकणाऱ्याला कपाळावर पावती मिळते.

*

मिस्त्रीची आणखी एक रीत होती, ती मी दुसऱ्या कुठल्याच सुताराकडं पाहिली नाही.

प्रत्येक खोपीत पोरांना झोपायला माळा. माळा पुरा झाला की मिस्त्री सगळ्या कामगारांना वर चढवायचा. दहा-बारा गडी वर उभे. आणि हा बरोबर त्यांच्या खाली चटई टाकून, फडकं सोडून जेवायला बसायचा. भाकरी, चटणी, कांदा. एक घास कमी नाही, एक घास घाईचा नाही.

पहिल्यांदा बघितलं तेव्हा मी दोन पावलं मागं सरलो. म्हटलं, “अण्णा, निदान जरा बाजूला सरून तरी बसा.”

“माळा पडला तर ह्येंचं हातपाय मोडत्याल,” वर बोट करत मिस्त्री म्हणाला. “चूक माजी आन हातपाय त्येंचं? खाली मीच पायजे.”

आणि मग वर बघून ओरडला, “नुसतं उभं काय ऱ्हायलाय रं, जरा नाचा की.”

*

सातव्या खोपीची गोष्ट थोडी माझीच आहे.

मिस्त्री लाकडी खांब कधी जमिनीत पुरायचा नाही. दगड बसवायचा आणि त्यावर खांब उभा करायचा. मी तेव्हा नवीन-नवीन सिमेंट ठेवायला लागलो होतो. नव्या मालाचा उत्साह असतो. म्हटलं, “अण्णा, ही जुनी पद्धत. खांबाचे पाय सिमेंटात गाडा, शंभर वर्षं बघायला नको. पोती मी फुकट देतो.”

सहा खोपींना तो नाही म्हणाला. सातव्या खोपीला मी इतका मागं लागलो की तो कंटाळला.

“बरं, घाल तुजं शिमिट. पर ध्यानात ठेव, सा माज्या, एक तुजी.”

मी खूश. गावात सांगत फिरलो की एक खोप माझी आहे.

*

शिबिर सुरू झालं तशी स्वयंपाकाला आणि राखणीला गंगाक्का आली. कमरेला किल्ल्यांचा जुडगा आणि जिभेला कुलूप नाही.

खोपींवर माझी मंगलोरी कौलं. आणि भोवतीच्या झाडांवर माकडं. दर महिन्याला वीस-पंचवीस कौलं फुटायची, दर महिन्याला मी नवीन पोचवायचो. पाच-सहा महिने असं चाललं. एकदा कौलं उतरवून घेताना गंगाक्का जरा जवळ आली आणि हळू आवाजात म्हणाली,

“आप्पा, खरं सांगा, माकडांस्नी कमिशन किती देतासा?”

त्या दिवसापासून मी तिथं कौलं पाठवली ती खरेदीच्या भावानं. दुकानदाराला टोमणा एकदाच पुरतो.

*

निपाणीहून दरवर्षी एक शाळा येते. घेऊन येतात कांबळे मॅडम. त्यांचे वडील तंबाखूच्या वखारीत हमाली करायचे. मॅडम आता मुख्याध्यापिका आहेत. पहिल्याच वर्षी त्यांनी नियम घातला: “इथनं जाताना प्रत्येक तुकडीनं एक तरी वस्तू दुरुस्त करून जायचं. फुकट राहायचं न्हाय.” कुणी कडी बसवली, कुणी पायरीचा दगड. खोपी इतकी वर्षं टिकल्या त्यात मिस्त्रीचा हात निम्मा, या नियमाचा निम्मा.

एका वर्षी मॅडम म्हणाल्या, लाकडाला तेल लावूया, पावसाला बरं. मी जवसाचं तेल पाठवणार होतो, पण मला यायला उशीर झाला. पोरांना धीर निघेना. त्यांनी स्वयंपाकघरातला पंधरा किलोचा शेंगतेलाचा डबा उचलला आणि पहिल्या खोपीच्या भिंतींना चोळून चोळून रिकामा केला. खोप अशी चमकायला लागली की बघत राहावं.

गंगाक्का बाजारातून आली. रिकामा डबा बघितला. भिंत बघितली. भिंतीला बोट लावून चाखून बघितलं. मग पोरांच्या रांगेपुढं उभी राहिली.

“भित जेवली. आता तुमी उकडल्यालं खावा.”

त्या संध्याकाळी साठ पोरांनी बिनफोडणीची आमटी खाल्ली. पण खरी मजा सकाळी. भिंतीवर माणसाच्या छातीएवढ्या उंचीवर चार-चार नखांचे लांब ओरखडे, आणि खालच्या दोन फळ्या चाटून स्वच्छ. अस्वल येऊन गेलं होतं. आत पोरं शांत झोपलेली.

मिस्त्रीला बोलावून मी म्हटलं, रंधा मारून ओरखडे काढूया.

“ऱ्हाऊ दे,” मिस्त्री दाराकडं बघत म्हणाला. “दार बारकं का ठेवलंतं, ह्ये आता कुणाला सांगाय नगं.”

ती अस्वलाची खोप. तिथंच राहायचं म्हणून पोरं आजही भांडतात.

*

आणि मग दोन वर्षांपूर्वी नोटीस आली.

इंजिनियरसाहेब नवीन. म्हैसूरकडचे. मराठी त्यांना समजायची, पण बोलायचे कन्नडच, मी ते मराठीत सांगतोय. आमच्या मिस्त्रीचं बरोबर उलटं, कन्नड सगळं समजतं, तोंडातून निघतं ते मराठी. नोटीस फाटकावर चिकटवली होती: केबिनी जुन्या, धोकादायक. पाडून त्या जागी काँक्रीटच्या खोल्या.

मिस्त्री तेव्हा सत्तरीच्या पुढं गेलेला. डोळ्यांत मोतीबिंदू. त्यानं नोटीस वाचून दाखवायला सांगितली. ऐकली. तळ्याकाठी जाऊन बसला आणि दिवसभर तिथंच होता.

आता माझं ऐका. त्याच दिवशी माझ्या दुकानात एक यादी आली. काँक्रीटच्या खोल्यांना लागणारं सिमेंट, सळई, फरशी. दुकान काढल्यापासून एवढी मोठी ऑर्डर मी बघितली नव्हती. खोटं कशाला बोलू, मी यादी दोनदा वाचली आणि दोन्ही वेळा बरं वाटलं.

दुपारी शिबिरात गेलो. जेवणाची वेळ. यादीची बातमी माझ्याआधीच पोचली होती. सगळ्यांची ताटं आत, माझं ताट बाहेर चौथऱ्यावर, उन्हात.

“आक्का, हे काय?”

“शिमिटवाल्यांनी शिमिटाच्या खोलीत जेवावं म्हणत्यात. खोली व्हस्तवर भाईर बसा.”

उन्हात बसून जेवलो. परत येऊन यादीवर ‘माल शिल्लक नाही’ असं लिहून पाठवलं. गोदामात सिमेंटच्या थप्प्या छताला लागल्या होत्या.

*

पण माल नाकारल्यानं खोपी वाचत नव्हत्या. दुसरा कुणीतरी विकला असता. मी आणि कांबळे मॅडम इंजिनियरसाहेबांच्या ऑफिसात गेलो. मॅडमनी पोरांची पत्रं नेली होती, गठ्ठा हा एवढा. साहेबांनी गठ्ठा नीट बाजूला ठेवला. म्हणाले, भावना समजते, पण छत पोरांच्या अंगावर पडलं तर पत्रं उपयोगाची नाहीत.

माणूस वाईट नव्हता. खरं तर त्याचं बरोबरच होतं.

मी नोटिशीची नक्कल खिशातून काढली. गिऱ्हाईक ‘माल खराब निघाला’ म्हणतं तेव्हा मी एकच प्रश्न विचारतो, तोच विचारला.

“साहेब, यात लिहिलंय, बांधकाम कमकुवत असल्याचं आढळलं. आढळलं कुणाला?”

साहेबांनी क्लार्ककडं बघितलं. क्लार्कनं पंख्याकडं बघितलं. तिथं जाऊन कुणीच बघितलं नव्हतं.

साहेबांनी नोटीस परत वाचली. मग म्हणाले, “ठीक. मी स्वतः येतो. एक माळा मी निवडणार. त्यावर बारा क्विंटल वाळू, अर्धा तास. टिकला तर नोटीस मागं. वाकला तर त्याच दिवशी पाडायला सुरुवात. चालेल?”

मॅडम माझ्याकडं बघायला लागल्या. मी सुतार नाही. तरी म्हटलं, चालेल.

*

तारखेच्या आधी मिस्त्री हातोडी घेऊन आला. डोळ्यांना दिसत नाही, म्हणून कानानं बघणार. एकेका खांबाला कान लावायचा, हातोडी मारायचा, ऐकायचा. एका खोपीला तासभर. आम्ही मागं मागं.

पहिल्या सहा खोपींना तो नुसता “व्हय” म्हणाला. सहा वेळा व्हय.

सातव्या खोपीच्या खांबाला हातोडी लागली आणि आवाज आला तो मला पण कळला. भरलेल्या पोत्याला काठी मारावी तसा. मिस्त्रीनं खांबाच्या पायाशी खिळा टोचला, तो लोण्यात जावा तसा आत गेला. सिमेंटानं वर्षानुवर्षं पाणी धरून ठेवलं होतं आणि आतून लाकूड कुजवलं होतं.

मिस्त्रीनं हातोडी खाली ठेवली.

“ही पाड. सायबानं सांगायच्या आदी आपुनच पाड.” मग माझ्या दिशेनं मान वळवली. “सा माज्या...”

“एक माझी,” मी म्हटलं.

आम्हीच ती उतरवली. गावात मी ते पण सांगत फिरलो.

*

तपासणीच्या दिवशी सकाळपासून पाऊस. मॅडमनी जुन्या विद्यार्थ्यांना कळवलं होतं, त्यामुळं निपाणी-बेळगावहून वीसेक जण खोपी झाडायला, कौलं सारखी करायला आले होते. कोणी नर्स, कोणी बँकेत, कोणी बसचा कंडक्टर, वडगावातली एक हातमागवाल्याची लेक आता वकील. मी दुकानातला मोठा वजनकाटा आणला होता, वाळूची पोती साहेबांसमोर वजन करायला.

साहेब आले. आत शिरताना कपाळाला पावती मिळाली. गंगाक्का म्हणाली, “हळद लावू काय?” साहेब कपाळ धरून क्लार्कला म्हणाले, “दाराची उंची. हेही लिहून घ्या.”

मग सगळ्या खोपींभोवती फिरून त्यांनी बोट दाखवलं ते अस्वलाच्या खोपीकडं. ओरखड्यांमुळं तीच सगळ्यात वाईट दिसते.

आणि तेवढ्यात फोन आला. वाळूचा ट्रॅक्टर भाताच्या चिखलात रुतला होता. निघायला संध्याकाळ.

साहेब घड्याळ बघत म्हणाले, “मला थांबता येणार नाही. तपासणी झाली नाही असं लिहितो. नोटीस कायम.”

पाऊस कौलांवरून गळत होता. मिस्त्री भिंतीला टेकून उभा होता, हात अस्वलाच्या ओरखड्यांवर.

गंगाक्कानं किल्ल्या खोचल्या आणि पुढं झाली. “सायेब, बारा क्विंटल वाळूच कशाला? बारा क्विंटल माणसं चालत न्हाईत?”

साहेबांनी आमच्याकडं बघितलं. काट्याकडं बघितलं. “मोजून,” ते म्हणाले.

एकेकजण काट्यावर चढायला लागला. मी वजन सांगायचो, क्लार्क लिहायचा. नर्सबाई चढल्या, मी तोंड उघडलं तोच गंगाक्कानं मला थांबवलं. “बायकांचा आकडा मोठ्यानं न्हाय. क्लार्कच्या कानात सांगा.” पुढचा अर्धा तास मी सरकारच्या कानात बायकांची वजनं सांगत होतो.

सगळे वर गेले. मॅडम गेल्या. गंगाक्का गेली. क्लार्कनं बेरीज केली. शहाऐंशी किलो कमी.

वरून गंगाक्काचा आवाज आला, “आप्पा, चढा की. इतकी वर्सं खाल्ल्यालं आज कामाला यील.”

काट्यावर माझे अठ्ठ्याऐंशी भरले. शिडी चढून वर गेलो. माळ्यावर दाटीवाटीनं आम्ही बसलो, गुडघ्याला गुडघा. फळ्या एकदा करकरल्या आणि गप्प झाल्या. साहेब दाराबाहेर छत्री धरून, घड्याळ हातात.

फळ्यांच्या फटीतून मला खालचं दिसत होतं. मिस्त्री चाचपडत आत आला. दाराशी त्याला वाकावं लागलं नाही. माळ्याच्या बरोबर मधोमध चटई टाकली, फडकं सोडलं आणि भाकरी मोडायला लागला.

साहेब बाहेरून कन्नडमध्ये म्हणाले, “अहो आजोबा, बाहेर या. खाली कुणी बसायचं नाही.”

मिस्त्रीनं घास चावून संपवला. मग चटईवर एका बाजूला सरकला, समोरची मोकळी जागा हातानं झटकली, दुसरी भाकरी तिकडं ठेवली आणि आयुष्यात पहिल्यांदा आमच्यासमोर कन्नड बोलला.

“बर्री साहेब. ऊट माडरी.” म्हणजे, या साहेब, जेवा.

साहेबांनी एकदा माळ्याकडं बघितलं, म्हणजे आमच्याकडं. घड्याळ खिशात टाकलं. छत्री मिटून भिंतीला लावली, बूट काढले. दाराशी आले आणि या वेळी वाकले.

मांडी घालून बसले, भाकरीचा तुकडा मोडला आणि मराठीत म्हणाले,

“चटणी वाढा.”